कोंबड्यांचं सोयर

माझ्यावर सर्वांत जास्त उपकार कोणाचे असतील, तर ते माझ्या आत्याचे. वडिलांची ही थोरली बहीण. देवरूखच्या पलीकडे, डोंगराच्या पोटात वसलेल्या एका वाडीत तिला दिली होती. तिला लिहिता-वाचता येत नव्हतं. पण आमच्या घराण्यात पहिला पदवीधर झाला तो तिच्यामुळे, आणि तिच्या कोंबड्यांमुळे. यातलं दुसरं कारण मी पुष्कळ वर्षं लोकांना सांगत नव्हतो, कारण ऐकणारा हसायचा. आता मीच हसत हसत सांगतो.

१९९८ साली मी बारावी पास झालो. वडील भातशेती करून लोकांच्या आंब्याच्या बागेत कामाला जात. मला रत्नागिरीला कॉलेजात पाठवायचं म्हणजे खोली आली, खानावळ आली, फी आली. घरात त्यावर बोलणं चाललेलं असताना आत्या माहेरपणाला आली होती. तिने सगळं ऐकून घेतलं आणि जाताना एवढंच म्हणाली, "माझी काळी तलंग हाय ना, ती याची."

तलंग म्हणजे अजून अंड्यावर न आलेली कोंबडी. काळीभोर, पायांवर पिसं असलेली. एका कोंबडीवर कॉलेज कसं होणार, हे वडिलांना कळेना. पण आत्याकडे अर्धेलीची युक्ती होती. आमच्याकडे कोंबडी अर्धेलीवर देतात. कोंबडी एकाची, सांभाळणारा दुसरा, आणि होतील ती पिल्लं निम्मी निम्मी. आत्याने काळीची पिल्लं वाढवली, त्यांतल्या तलंगा शेजारी अर्धेलीवर दिल्या, त्यांच्या पिल्लांतल्या पुन्हा पुढच्या घरी दिल्या. मी दुसऱ्या वर्षाला पोचेपर्यंत वाडीतल्या बहुतेक खुराड्यांत पायांवर पिसं असलेल्या काळ्या कोंबड्या दिसू लागल्या. आत्या तिच्या वाट्याची अंडी आणि कोंबडे देवरूखच्या बाजारात विकायची आणि पैसे माझ्या वडिलांकडे पोचते करायची. वाडीत त्या कोंबड्यांना 'कॉलेजवाल्या' असं नाव पडलं होतं. "कॉलेजवाली खुडूक झाली," म्हणजे अंडी उबवायला बसली, असं बायका विहिरीवर बोलायच्या, आणि मी सुट्टीत तिकडे गेलो की माझ्याकडे बघून हसायच्या.

मी बी.एस्सी. झालो तेव्हा पेढे घेऊन वाडीत गेलो. तिथले गावकर, म्हणजे वाडीचे वडीलधारे मानकरी, पेढा तोंडात टाकून म्हणाले, "पोरा, तुझी डिग्री अर्धेलीवरची. निम्मी आमच्या वाडीची हाय, ध्यानात ठेव."

ते मी ध्यानात ठेवलं.

पुढे सावर्ड्याजवळच्या एका शाळेत मी विज्ञान शिकवायला लागलो. २००६च्या फेब्रुवारीत राज्याच्या दुसऱ्या टोकाला, नंदुरबारकडे, कोंबड्यांमध्ये बर्ड फ्लू आल्याची बातमी आली. आमच्या जिल्ह्यात काही नव्हतं, पण भीतीला तेवढं अंतर काहीच नसतं. चिकनच्या दुकानांवर माशा बसू लागल्या. पेपरात पांढरे अंगरखे घातलेल्या माणसांचे फोटो यायचे. तालुक्याला शिक्षकांसाठी माहितीचा एक कार्यक्रम झाला. विज्ञानाचा मास्तर म्हणून मुख्याध्यापकांनी मला पाठवलं. तिथून मी पत्रकांचा गठ्ठा घेऊन आलो आणि पुढच्या शनिवारी शाळा सुटल्याबरोबर आत्याकडे निघालो. मी शिकलो ते ज्यांच्यासाठी उपयोगी पडावं असं वाटत होतं, त्यांना ते सांगण्याची वेळ आली होती. एस.टी.त बसून मी मनात भाषण जुळवत होतो.

अंगणात पाऊल टाकलं तर समोर एक मोठं डालगं. बांबूची ही टोपली कोंबड्या नेण्यासाठी असते. आत काळा कोंबडा आणि निवडक कोंबड्या, वरून दोरी आवळून बांधलेली.

"बरा झाला आलास," आत्या म्हणाली. "मी कोनाबरोबर धाडू याच इचारात व्हते. या घेऊन जा तुझ्याबरोबर."

"कुठे?"

"कुठे म्हंजे? माझ्या म्हायेरी. तुमच्या घरी. रोग येतोय म्हनतात. आला तर हितल्या जातील, पन बी तरी ऱ्हाईल."

ही तिकडची जुनी रीत होती. कोंबड्यांवर मर आली, म्हणजे साथ आली, असं कळलं की चांगल्या कोंबड्या उचलून दुसऱ्या गावच्या सोयऱ्यांकडे पाठवायच्या. लेकीकडे, बहिणीकडे, माहेरी. त्यात कोणाचा वाईट हेतू नसायचा. आणि पत्रकात पहिल्याच ओळीत छापलं होतं की नेमकं हेच करू नका.

मी तिला समजावू लागलो. कोंबडी वरून ठणठणीत दिसते, पण तिच्या अंगात रोग असू शकतो. ती नेली की रोगही बरोबर जातो. तिच्या पायाला लागलेल्या घाणीतून जातो, डालग्यातून जातो, नेणाऱ्याच्या चपलेतून जातो. म्हणून मी हे नेणार नाही.

आत्या ऐकत होती. मग म्हणाली, "यांच्यावर तू शिकलास. आनि आता तुझ्या घरात यांना जागा न्हाय."

तिचं घर सासऱ्यांच्या नावावर होतं, भाताची जमीन दिरांमध्ये होती, मुलगा मुंबईला नोकरीत. तिचं म्हणावं असं या जगात काही होतं तर ते त्या डालग्यात होतं आणि बाकीचं अंगणात चरत होतं. तिने मला आयुष्यात पहिल्यांदा काही मागितलं होतं आणि मी नाही म्हणालो होतो.

तिने मला भात आणि सुक्या बांगड्याचं कालवण वाढलं, पण बोलली नाही. आत्या बोलत नसली की कालवणही तिखट लागतं.

जेवून हात धुतो तोच आतल्या खोलीतून बाळ रडलं. आत्याची सून तिथे बाळंतीण होती. दुसरं बाळंतपण म्हणून सासरीच झालेलं, आणि बाळ अजून अगदी कोवळं. बाळ बघावं म्हणून मी त्या दाराकडे गेलो.

"थांब तिथंच," आत्या मागून म्हणाली. "एस.टी.तनं आलायस. धा लोकांना लागून आलायस. सोयर हाय घरात. आधी पाय धू आनि भायरनंच बघ."

बाळ जन्मलं की घर दहा दिवस जी शिवाशिव पाळतं, ती सोयर. मी पाय धुतले. उंबऱ्याबाहेर उभा राहिलो. खोलीत बाळंतिणीची भांडी वेगळी मांडलेली होती, अंथरूण वेगळं, दारात कडुलिंबाचा डहाळा. तालुक्याच्या कार्यक्रमात फळ्यावर ज्या सूचना लिहिल्या होत्या, त्या सगळ्या इथे पाळलेल्या होत्या. फक्त कोंबड्यांसाठी नव्हत्या.

"आत्या," मी म्हणालो, "तुझ्या कोंबड्यांना सोयर आहे असं समज."

आतून वहिनी म्हणाली, "म्हंजे मी आनि कोंबड्या सारख्याच झालो म्हना."

"तुझा तरी धा दिवसांनी फिटेल," आत्या तिला म्हणाली. मग माझ्याकडे वळून, पोराची परीक्षा घ्यावी तशी विचारू लागली. "म्हंजे पान्याचा भांडा वेगळा."

"वेगळा."

"आला-गेला लांबून बघनार."

"लांबून."

"जो आत जाईल तो हातपाय धून जानार, आनि धूनच भायर येनार."

"हो."

"आनि सोयरातला मानूस उठून दुसऱ्याच्या घरी जात न्हाय," ती सावकाश म्हणाली. हे मी सांगितलं नव्हतं. ते तिचं तिनेच म्हटलं. मग अंगणात जाऊन तिने डालग्याची दोरी सोडली. काळा कोंबडा बाहेर आला, पंख झाडले आणि माझ्याकडे पाठ करून उभा राहिला.

"त्याला राग आलाय," आत्या म्हणाली. ती हसली तेव्हा माझ्या जिवात जीव आला.

दुसऱ्या दिवशी रविवार. सहाणेवर, म्हणजे शिमग्यात पालखी जिथे बसते त्या चौथऱ्यावर, वाडीची बैठक भरली. मी पत्रक वाचून दाखवलं. त्यात 'जैवसुरक्षा' आणि 'विलगीकरण' असे शब्द होते. मी ते ठासून वाचले.

एक म्हातारे आजोबा म्हणाले, "विलगीकरन म्हंजे वेगळा ऱ्हायचा ना? ते तर आमच्या दोगा भावांत कवाच झालाय. चूलपन वेगळी हाय."

सगळे हसले. मी पुन्हा पहिल्यापासून समजावू लागलो तेव्हा बायकांच्या बाजूने आत्याचा आवाज आला. "ओ, कोंबड्यांचा सोयर पाळायचा हाय. येवढाच तो सांगतोय."

मग कोणाला काही समजावून सांगावं लागलं नाही. पण नव्या अडचणी निघाल्या, ज्या पत्रकात कुठेच नव्हत्या. शिमगा तोंडावर आला होता. सोयर असलेल्या घरात पालखी येत नाही. मग कोंबड्यांना सोयर असेल तर घरात पालखी घ्यायची की नाही? एकाने विचारलं, कोंबड्यांचं सोयर माणसांना लागतं का. दुसऱ्याने विचारलं, ज्याच्याकडे कोंबड्याच नाहीत त्याने काय करायचं. आणि सर्वांत मोठा प्रश्न म्हणजे राखण. शिमगा झाला की वाडीच्या राखणदाराला घरटी एक कोंबडा द्यायची तिथली रीत. सगळ्या घरांचे कोंबडे एका जागी आणायचे. माझ्या डोळ्यांसमोर पत्रकातली सूचना उभी राहिली, पण देवाच्या गोष्टीत तोंड घालायचा मला धीर झाला नाही.

गावकर बराच वेळ मिशी ओढत बसले. मग त्यांनी निकाल दिला. "सोयर कोंबड्यांचा, मानसांचा न्हाय. पालखी घरात यील, खुराड्याकडे जानार न्हाय. आनि राखनदाराला यंदा नारळ दिऊ. कोंबड्याची मुदत मागून घिऊ. तो काय परका हाय?"

"आनि मुंबईकर आले की?" कोणीतरी विचारलं. शिमग्याला मुंबईहून येणारी मंडळी गावठी कोंबडी आणि वड्यांच्या आशेने येतात.

"त्यांना डाळ घाला," गावकर म्हणाले. "रोज मुंबईत कोंबडी खातातच की."

कोंबडी नीट शिजवून खायला काही हरकत नाही, हेही मी सांगितलं. पण दुसऱ्या वाडीतून विकत आणायची नाही आणि इथली तिकडे पाठवायची नाही, असं ठरलं.

अडचण होती ती मोकळ्या कोंबड्या कोंडायच्या कशा याची. आमच्याकडची कोंबडी दिवसभर परसात, शेणखईवर, बांबूच्या बेटात हिंडते. शेतातले बगळे त्याच पाणवठ्यावर उतरतात. माझ्या शाळेतले एक सहकारी नाटे या समुद्रकाठच्या गावचे होते. त्यांच्या घरी मासेमारी. त्यांना विचारलं तर त्यांनी जुनी फाटकी जाळी गोणीत भरून दिली. वाडीतल्या लोकांनी घराघरांच्या मागे फणसाच्या, आंब्याच्या सावलीत बांबू रोवून त्या जाळ्यांचे आडोसे केले. कोंबड्या आत राहिल्या, पण जाळ्यांना मासळीचा असा वास होता की पंचक्रोशीतली मांजरं वाडीत मुक्कामाला आली. आत्या काठी घेऊन मांजरं हाकायची आणि माझ्या नावाने बोटं मोडायची.

मग एके दिवशी दुपारी शाळेत फोन आला. मुख्याध्यापकांनी मला वर्गातून बोलावलं. आत्याने त्याआधी कधी फोन हातात धरला नव्हता. गावकरांच्या घरून ती बोलत होती, आणि सावर्ड्यापर्यंत आवाज पोचायला हवा म्हणून ओरडत होती.

"शेजारच्या काकीच्या कोंबड्या मेल्या. सकाळी एक, आता दोन. माना वाकड्या झाल्या. आपल्याच अर्धेलीच्या."

मी विचारलं, कोणी हात लावला का. "न्हाय. राख टाकून वर टोपली घातलीय." मग तिचा आवाज खाली आला. "हितं मानसं म्हनतात, गुपचूप पुरून टाकू. डॉक्टरला सांगितला तर वाडीतल्या सगळ्या मारतील. खरा काय ते सांग. मारतील?"

मला तिला धीर द्यायचा होता. पण तिने खरं विचारलं होतं. "तो रोग निघाला, तर हो. सगळ्या मारतील. तुझ्याही."

"आनि न्हाय सांगितला तर?"

"तर काय आहे ते आपल्याला कळणारच नाही. आणि घरात बाळ आहे, आत्या."

पलीकडे नुसता खरखराट ऐकू येत होता. मला वाटलं फोन तुटला. मग ती म्हणाली, "सांग डॉक्टरला. आजच ये म्हनावा." आणि फोन कसा ठेवायचा हे माहीत नसल्यामुळे तिने तो टेबलावर तसाच ठेवून दिला. गावकर आणि ती यांचं बोलणं मला थोडा वेळ ऐकू येत राहिलं. गावकर म्हणत होते, "बाई, तुझा सगळा जाईल." ती म्हणत होती, "जाईल तर जाईल. लपवायला ती काय चोरी हाय?"

मी गुरांच्या दवाखान्यात फोन केला, मग अर्धी रजा टाकून निघालो. डॉक्टर माझ्या आधी पोचले होते. तरुण माणूस, कोल्हापूरकडचे, आमच्याकडे नवीनच बदलून आलेले. वाडीच्या तोंडाशी जांभ्याच्या पायरीवर धुण्याच्या सोड्याच्या पाण्याची बादली ठेवलेली होती आणि तिच्याजवळ आत्या उभी होती. तिने डॉक्टरांनाही सोडलं नव्हतं.

"मी लई गावं फिरलो या महिन्यात," डॉक्टर मला म्हणाले, "पण माझेच पाय धुवायला लावणारं गाव पहिल्यांदा बघितलं."

"सोयर हाय," आत्या त्यांना म्हणाली.

"कुणाचं?"

"कोंबड्यांचा."

डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. मी सांगितल्यावर ते तोंडाला बांधलेल्या फडक्याच्या आड पुष्कळ हसले. मग त्यांनी मेलेल्या कोंबड्या पिशव्यांत बंद केल्या, तपासणीला पाठवायचं ते घेतलं आणि निकाल येईपर्यंत काकीच्या खुराड्याकडे कोणी जाऊ नये असं सांगून गेले.

वाट पाहण्याचे ते दिवस आत्याने कसे काढले, ते वहिनीने मला नंतर सांगितलं. ती रोज जाळीच्या बाहेरून दाणे टाकायची आणि तिथेच बसून राहायची. कोंबड्यांशी बोलायची. एकदा वहिनीने कान देऊन ऐकलं, तर ती त्यांना माझ्या कॉलेजच्या गोष्टी सांगत होती.

निकाल सांगायला डॉक्टर स्वतः आले. बर्ड फ्लू नव्हता. आमच्याकडे जिला मानमोडी म्हणतात ती नेहमीचीच साथ होती. तिच्यावर लस असते. डॉक्टर म्हणाले, "पण ही मानमोडीसुद्धा साधी नाही. एकदा शिरली की सगळी वाडी साफ करते. इथं एका घरातच कशी थांबली, याचं मला नवल वाटतंय."

"सोयर पाळला ना," आत्या म्हणाली. तिला त्यात नवल वाटलं नाही.

निरोगी खुराड्यांतल्या एकेका कोंबडीला डॉक्टरांनी लस टोचली. धरून द्यायचं काम आत्याचं होतं. काळ्या कोंबड्याने डॉक्टरांच्या हाताला चोच मारली, तेव्हा ती कौतुकाने म्हणाली, "कॉलेजवाला हाय तो."

त्या वर्षीच्या शिमग्यात पालखी सहाणेवर बसली तेव्हा मी हजर होतो. गावकरांनी नारळ हातात धरून गाऱ्हाणं घातलं. दर वर्षीच्या मागण्या झाल्यावर ते म्हणाले, "आनि म्हाराजा, ही जी काय बर्ड फ्लूची पीडा त्या नंदुरबारच्या बाजूला आलीय, ती तिथंच निवारून टाक, आनि तिथल्या लोकांच्या कोंबड्यांचापन भला कर म्हाराजा."

"व्हय म्हाराजा," सगळी वाडी म्हणाली.

"आनि यंदा कोंबड्याच्या जागी नारळ घितलास, तो गोड मानून घे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा." मुंबईकरांचा आवाज यात जरा कमी होता.

पुढे डॉक्टरांनी मोकळीक दिल्यावर आत्याने दोन तलंगा आणि एक कोंबडा डालग्यात घालून माझ्याबरोबर दिला. या वेळी मी ते डालगं दोन्ही हातांनी घेतलं. काही महिन्यांनी मी तिला पत्र लिहिलं. वहिनी वाचून दाखवणार, म्हणून सोपं लिहिलं. त्याची नक्कल माझ्याकडे आहे, ती इथे देतो.

आत्या,

तुझ्या पायांवर डोकं ठेवून लिहितो आहे. वहिनीने हे मोठ्याने वाचावं, आणि बाळ झोपलं असेल तर हळू.

तू दिलेल्या कोंबड्या मी घरी नेल्या आणि आमच्या जुन्या कोंबड्यांत लगेच सोडल्या नाहीत. गोठ्याच्या मागे वेगळ्या ठेवल्या. आई रोज विचारायची, यांचं सोयर अजून फिटलं नाही का. फिटल्यावर सोडल्या. त्यातली एक खुडूक झाली. आईने तिला अंड्यांवर बसवलं. काल पिल्लं निघाली. एक तर आताच सगळ्यांना टोचतंय, ते त्या कोंबड्यावर गेलं असणार.

त्या दिवशी मी डालगं घेतलं नाही. तू मला जेवायला वाढलंस, पण बोलली नाहीस. त्या दिवशी वाटलं तेवढं वाईट मला कॉलेजात नापास झालो असतो तरी वाटलं नसतं. नंतर फोनवर तू खरं विचारलंस. मी खरं सांगितलं, आणि तू आपलं सगळं जाईल हे माहीत असून डॉक्टरांना बोलाव म्हणालीस. वर्गात मुलांना मी आता हा धडा शिकवताना तुझी गोष्ट सांगतो. तुझं नाव सांगत नाही, माझी आत्या एवढंच सांगतो.

पिल्लं निम्मी तुझी. वडील म्हणाले, बहिणीला कसली अर्धेल, सगळीच तिची. पण मी म्हटलं, ठरल्याप्रमाणे निम्मी. म्हणजे तुला दर खेपेला आमच्याकडे वाटा न्यायला यावं लागेल.

सुट्टी लागली की मी तिकडे येतो. येताना डालगं आणणार नाही, मोकळा येईन. बादली पायरीवर भरून ठेव. पाय धुवूनच आत येईन.

तुझा,
अर्धेलीवरचा बी.एस्सी.